थरथरत्या हृदयाला ताल देणारा वीज अभियंता : विल्यम कौवेनहोव्हन

मसाट, पिपरिया, आमळी, खडोली. आपल्या भागातील कुठल्याही कारखान्याच्या पॅनेल रूममध्ये किंवा सबस्टेशनमध्ये गेलात, तर भिंतीवर एक तक्ता टांगलेला दिसतो. विजेचा धक्का बसलेल्या माणसावर करायचे प्रथमोपचार त्यावर चित्रांसह छापलेले असतात. भारतीय विद्युत नियम, १९५६ यांनी हा तक्ता लावणे बंधनकारक केले होते. पुढे नियमांची नावे बदलली, पण तक्ता राहिला. सिल्वासातील आपल्या मराठी कुटुंबांतील कित्येकांची नोकरीची सारी वर्षे त्या तक्त्यासमोर गेली. तो रोज दिसतो, म्हणून कोणी वाचत नाही.

जुन्या तक्त्यांवर माणूस पालथा झोपवून पाठ दाबण्याची किंवा उताणा झोपवून हात वर-खाली करण्याची चित्रे असत. हेतू एकच, थांबलेला श्वास पुन्हा सुरू करणे. नव्या तक्त्यांवर छातीच्या मध्यभागी एकावर एक ठेवलेले दोन हात दिसतात. जुन्या चित्राच्या जागी हे नवे चित्र आले, त्यामागे एका वीज अभियंत्याचे तीस वर्षांहून अधिक काळाचे काम आहे. रुग्णालयात दिसणारा डिफिब्रिलेटर, म्हणजे छातीला विजेचा धक्का देणारे यंत्र, घडवणाऱ्या मोजक्या माणसांतही त्याचे नाव आहे. तो डॉक्टर नव्हता. विजेच्या तारा, त्यांवरचे आवरण आणि मोजमापाची यंत्रे हा त्याचा विषय. त्याचे नाव विल्यम बेनेट कौवेनहोव्हन. आमच्यासारख्या विद्युत शाखेचा डिप्लोमा केलेल्यांनाही अभ्यासक्रमात हे नाव भेटत नाही, म्हणून हा लेख.

कौवेनहोव्हन यांचा जन्म १३ जानेवारी १८८६ रोजी न्यूयॉर्क शहराच्या ब्रुकलिन भागात झाला. आडनाव मूळचे डच. तो काळ विजेच्या बालपणाचा होता. न्यूयॉर्कमध्ये एडिसनचे पहिले वीज केंद्र सुरू होऊन जेमतेम चार वर्षे झाली होती. रस्त्यांवर खांब उभे राहत होते, तारा ओढल्या जात होत्या. या वातावरणात वाढलेल्या मुलाने विजेचेच शिक्षण घ्यावे, यात नवल नाही. ब्रुकलिनच्या पॉलिटेक्निक संस्थेत त्यांनी विद्युत आणि यांत्रिक अशा दोन्ही शाखांचा अभ्यास केला. त्यानंतर ते जर्मनीत कार्ल्सरूह येथील तांत्रिक विद्यापीठात गेले आणि १९१३ साली तेथून डॉक्टरेट घेऊन परतले. १९१४ साली ते बाल्टिमोर शहरातील जॉन्स हॉपकिन्स विद्यापीठात शिकवू लागले. आयुष्याची पुढली साठ वर्षे त्यांचे नाव याच विद्यापीठाशी जोडलेले राहिले.

जॉन्स हॉपकिन्समध्ये अभियांत्रिकीइतकेच, किंबहुना त्याहून अधिक, वैद्यकीय महाविद्यालय नावाजलेले. पण अभियंते आपल्या इमारतीत आणि डॉक्टर आपल्या, अशीच रीत. कौवेनहोव्हन आपल्या प्रयोगशाळेत उच्च दाबाच्या केबलचे इन्सुलेशन का फुटते, याचा अभ्यास करीत होते. त्यांना डॉक्टरांच्या दारात नेले ते वायरमनच्या मृत्यूंनी.

१९२० च्या दशकात अमेरिकेत वीज गावोगावी पोहोचत होती. त्याबरोबर खांबावर चढणारे लाइनमन धक्का लागून मरत होते. वीज कंपन्यांनी त्यांना कृत्रिम श्वासोच्छ्वास शिकवला होता. धक्का बसलेल्या सहकाऱ्याला खाली उतरवायचे आणि श्वास सुरू करायचा. काही जण वाचत. काही मात्र लगेच उपचार मिळूनही मरत. अंगावर मोठी जखम नाही, फारसे भाजलेले नाही, तरी माणूस गेलेला. असे का होते, हा प्रश्न वीज कंपन्यांनी वैज्ञानिकांपुढे ठेवला. १९२८ च्या सुमारास जॉन्स हॉपकिन्समध्ये या कामासाठी एक गट जमला. त्यात शरीरक्रियाशास्त्राचे डोनाल्ड हूकर आणि मज्जासंस्थेचे अभ्यासक ऑर्थेलो लँगवर्दी होते. विजेचे जाणकार म्हणून कौवेनहोव्हन होते.

उत्तर हृदयात होते. ते समजायला आपल्याला फार लांब जायला नको, विसर्जन मिरवणुकीतले ढोल-ताशा पथक डोळ्यांसमोर आणले तरी पुरे. ताशावाला इशारा देतो आणि पन्नास ढोल एका ठोक्यावर पडतात. आपले हृदयही असेच चालते. हृदयाच्या वरच्या उजव्या कप्प्यात पेशींचा एक लहानसा पुंजका असतो. तो मिनिटाला साधारण ६० ते १०० वेळा बारीकसा विद्युत संदेश सोडतो. तो संदेश ठरलेल्या वाटेने साऱ्या हृदयात पसरतो, सर्व स्नायू एका तालात आकुंचन पावतात आणि रक्त ढकलले जाते.

आता समजा, पथकातील प्रत्येक ढोलवाला आपल्या मनाला येईल तसा वाजवू लागला. आवाज खूप, हात सगळ्यांचे चालू, पण ताल नाही. हृदयाच्या खालच्या मोठ्या कप्प्यांत असा गोंधळ माजला की त्याला व्हेंट्रिक्युलर फिब्रिलेशन म्हणतात. हृदय बंद पडलेले नसते, ते थरथरत असते. पण थरथरीने रक्त पुढे जात नाही. नाडी लागत नाही, काही सेकंदांत शुद्ध हरपते आणि काही मिनिटांत मेंदूला कायमची इजा होऊ लागते. लाइनमन यामुळे मरत होते. श्वास देऊन उपयोग होत नव्हता, कारण छातीत आलेली हवा पुढे न्यायला रक्त फिरतच नव्हते.

याला किती वीज लागते, हे ऐकून अनेकांना धक्का बसेल. घरातील पुरवठा २३० व्होल्टचा. ओल्या अंगाचा रोध हजार ओहम धरला तर ओहमच्या नियमाने २३० मिलिअँपिअर प्रवाह वाहतो. हातातून पायाकडे, म्हणजे छातीतून जाणारा साधारण ५० ते १०० मिलिअँपिअर प्रवाह सेकंदभर टिकला, तरी हृदय थरथरू लागू शकते. पंधरा वॅटच्या झिरोच्या बल्बमधून सुमारे ६५ मिलिअँपिअर प्रवाह जातो. म्हणजे रात्री देवघरात मिणमिणणाऱ्या त्या दिव्याइतकी वीज माणसाचा जीव घ्यायला पुरी पडते.

जे विष तेच औषध ठरावे, तसे या संशोधनात झाले. स्वित्झर्लंडच्या जिनेव्हा शहरात प्रेव्होस्त आणि बॅतेली या दोघा शास्त्रज्ञांना १८९९ मध्ये कुत्र्यांवरील प्रयोगात एक गोष्ट दिसली होती. हलक्या धक्क्याने हृदय थरथरू लागते आणि जबर धक्क्याने ती थरथर थांबते. पण माणसावर उपचार म्हणून याचा विचार तेव्हा कोणी केला नाही आणि ते निरीक्षण जवळजवळ विसरले गेले. हूकर, कौवेनहोव्हन आणि लँगवर्दी यांनी ते धागे पुन्हा हाती घेतले. १९३३ साली त्यांनी कुत्र्यांच्या हृदयावर उलटा धक्का देऊन फिब्रिलेशन थांबवता येते, हे पद्धतशीर मोजमापांसह दाखवून दिले.

हा उलटा धक्का काम कसा करतो? पुष्कळांचा समज असा, की बंद पडलेल्या मोटारीला धक्का मारून सुरू करावे तसे हे यंत्र हृदय सुरू करते. खरे उलट आहे. डिफिब्रिलेटर हृदयाला क्षणभर थांबवतो. बेताल वाजणाऱ्या पथकाचे सगळे ढोल एकदम गप्प करावेत, तसे तो हृदयाच्या बहुतेक स्नायूपेशींना एकाच क्षणी एकाच अवस्थेत आणतो. गोंधळ थांबला की तो मूळचा ताशावाला, म्हणजे वरच्या कप्प्यातला पेशींचा पुंजका, पुन्हा इशारा देतो आणि ताल जुळतो. लहान धक्का हृदयाचा काही भागच बिघडवतो, म्हणून गोंधळ माजतो. मोठा धक्का जवळजवळ सारे हृदय एकदम कवेत घेतो, म्हणून गोंधळ मिटतो.

त्यानंतर कौवेनहोव्हन १९३८ साली अभियांत्रिकी विद्याशाखेचे अधिष्ठाता झाले. मग दुसरे महायुद्ध आले आणि हे काम बाजूला पडले. इतर लोक मात्र पुढे जात होते. १९४७ साली क्लीव्हलँड शहरात शल्यचिकित्सक क्लॉड बेक यांच्या शस्त्रक्रियेच्या टेबलावर एका चौदा वर्षांच्या मुलाचे हृदय थरथरू लागले. बेक यांनी छाती उघडून हृदय हाताने दाबत ठेवले आणि मग त्यावर थेट विजेचा धक्का दिला. मुलगा वाचला. माणसाचे हृदय विजेने पूर्ववत आणल्याची ही पहिली यशस्वी घटना. पण त्यासाठी छाती उघडावी लागली होती. खांबाखाली पडलेल्या लाइनमनची छाती कोण उघडणार? मिटलेल्या छातीवरून, कातडीवर पट्ट्या ठेवून हृदयापर्यंत धक्का पोहोचवणे हा खरा प्रश्न होता. वीज उद्योगाच्या संस्थेने त्यासाठी जॉन्स हॉपकिन्सला पुन्हा अनुदान दिले आणि कौवेनहोव्हन पुन्हा या कामाला लागले.

ज्या १९५४ साली दादरा आणि नगर हवेली पोर्तुगीजांच्या ताब्यातून मुक्त झाली, त्याच साली कौवेनहोव्हन निवृत्त झाले. वय ६८. आपल्याकडे या वयात माणूस पेन्शन, नातवंडे आणि संध्याकाळचा फेरफटका यांत रमतो, आणि त्यात वावगे काही नाही. कौवेनहोव्हन यांनी मात्र बिऱ्हाड बदलावे तशी प्रयोगशाळा बदलली. हृदयशस्त्रक्रियेतील नामवंत आल्फ्रेड ब्लेलॉक तेव्हा जॉन्स हॉपकिन्सच्या शल्यचिकित्सा विभागाचे प्रमुख होते. जन्मजात हृदयदोषामुळे निळ्या पडणाऱ्या बाळांवरील शस्त्रक्रियेने त्यांचे नाव जगभर झाले होते. त्यांनी या निवृत्त अभियंत्याला आपल्या विभागात जागा दिली. वैद्यकाची पदवी नसलेला माणूस शल्यचिकित्सा विभागात काम करू लागला.

१९५७ साली त्यांचे यंत्र तयार झाले. मिटलेल्या छातीवर दोन पट्ट्या ठेवून प्रत्यावर्ती प्रवाहाचा, म्हणजे एसी विजेचा, क्षणभराचा धक्का देणारे. बॉस्टनच्या पॉल झोल यांनी थोडेच आधी, १९५६ साली, अशाच पद्धतीने माणसांचे प्राण वाचल्याचे प्रसिद्ध केले होते. दोघेही एकाच दिशेने चालत होते. बाल्टिमोरमध्ये लवकरच त्या यंत्राची कसोटी लागली. चाळिशीतला एक माणूस पोटात बरे वाटत नाही म्हणून तातडीच्या विभागात आला आणि तिथेच कोसळला. हृदय थरथरत होते. ड्यूटीवरच्या तरुण डॉक्टरला वरच्या मजल्यावरील प्रयोगशाळेतले यंत्र आठवले. ते खाली आणले गेले, धक्का दिला गेला आणि माणूस वाचला.

यंत्र मात्र फार जड होते. चाकांवर ढकलत न्यावे लागे आणि भिंतीतल्या विजेवर चाले. ज्या लाइनमनसाठी हा सारा खटाटोप सुरू झाला, त्याच्या खांबापर्यंत ते जाणार कसे? कौवेनहोव्हन यंत्र हलके करण्याच्या मागे लागले. त्या प्रयत्नात, जवळजवळ नकळत, त्यांच्या गटाला सर्वांत मोठा शोध लागला, आणि त्यासाठी यंत्र लागतच नव्हते.

गाय निकरबॉकर नावाचा विद्युत अभियांत्रिकीचा एक तरुण विद्यार्थी त्यांच्या हाताखाली होता. १९५८ साली कुत्र्यांवर प्रयोग करताना त्याचे लक्ष रक्तदाबाच्या आलेखाकडे गेले. धक्का देण्याआधी, नुसत्या जड पट्ट्या छातीवर दाबून धरल्या, तरी रक्तदाबाची रेघ थोडी वर उचलली जात होती. दुसरा कोणी असता तर त्याने मापनातील दोष म्हणून सोडून दिले असते. निकरबॉकरने ते गुरूंना दाखवले आणि गुरूंनी ते हसण्यावारी नेले नाही. जेम्स ज्यूड हे तरुण शल्यचिकित्सक त्यांना येऊन मिळाले. छातीवर कुठे दाबायचे, किती दाबायचे, मिनिटाला किती वेळा, हे तिघांनी मोजून मोजून ठरवले. मिटलेली छाती तालात दाबत राहिले तर मेंदूला जिवंत ठेवण्याइतके रक्त फिरू शकते, हे सिद्ध झाले.

९ जुलै १९६० रोजी अमेरिकन वैद्यकीय संघटनेच्या नियतकालिकात कौवेनहोव्हन, ज्यूड आणि निकरबॉकर यांचा लेख प्रसिद्ध झाला. वीस रुग्णांचा अनुभव त्यात होता आणि त्यांतील दहापैकी सात या प्रमाणात रुग्ण कायमचे वाचले होते. या उपचाराला दोन हातांखेरीज काही लागत नाही, हे त्या लेखाचे सार. त्याच सुमारास बाल्टिमोरमध्येच पीटर सफार यांनी तोंडाने तोंडात श्वास देण्याची पद्धत शास्त्रीय कसोटीवर सिद्ध केली होती. १९६० च्या सप्टेंबरमध्ये मेरीलँडमधील एका बैठकीत या दोन्ही पद्धती एकत्र मांडल्या गेल्या. आज ज्याला आपण सीपीआर म्हणतो, ते असे जुळून आले. लेख प्रसिद्ध झाला तेव्हा कौवेनहोव्हन ७४ वर्षांचे होते.

यंत्राची गोष्टही पुढे सरकत राहिली. बॉस्टनच्या बर्नार्ड लाउन यांनी १९६२ च्या सुमारास एसीऐवजी डीसी धक्का वापरात आणला. तो अधिक सुरक्षित ठरला. आजचे बहुतेक डिफिब्रिलेटर याच तत्त्वावर चालतात. बॅटरी कपॅसिटरला हजार-दोन हजार व्होल्टपर्यंत चार्ज करते आणि बटण दाबले की ती साठवलेली ऊर्जा काही हजारांश सेकंदांत छातीतून जाते. आधुनिक यंत्रांत ही ऊर्जा साधारण १२० ते २०० ज्यूल असते. म्हणजे चाळीस वॅटचा दिवा पाच सेकंद जळेल इतकीच. तिचे बळ प्रमाणात नसून वेगात असते. भिंतीतल्या विजेची गरज संपली आणि यंत्र हलके झाले. १९६६ साली बेलफास्टच्या फ्रँक पँट्रिज यांनी मोटारीच्या बॅटऱ्यांवर चालणारा डिफिब्रिलेटर रुग्णवाहिकेत बसवला. पुढे मिशेल मिरोव्स्की यांनी तो इतका लहान केला की शरीरात बसवता यावा. पहिली अशी शस्त्रक्रिया फेब्रुवारी १९८० मध्ये झाली, आणि तीही जॉन्स हॉपकिन्सच्याच रुग्णालयात.

मानसन्मान कौवेनहोव्हन यांना मिळाले, पण उशिरा. विद्युत अभियंत्यांचा मानाचा एडिसन पुरस्कार १९६१ चा. १९६९ साली जॉन्स हॉपकिन्सच्या वैद्यकीय महाविद्यालयाने त्यांना मानद डॉक्टर ऑफ मेडिसिन ही पदवी दिली. त्या महाविद्यालयाने दिलेली ही पहिलीच मानद वैद्यकीय पदवी. १९७३ साली पॉल झोल यांच्यासोबत त्यांना वैद्यक क्षेत्रातील लास्कर पुरस्कार मिळाला, तेव्हा त्यांचे वय ८७ होते. १० नोव्हेंबर १९७५ रोजी त्यांचे निधन झाले.

हे चरित्र इथे संपते, पण आपला त्याच्याशी असलेला संबंध संपत नाही. म्हणून चार गोष्टी स्पष्ट करून सांगतो.

पहिली गोष्ट, हार्ट अटॅक आणि हृदय अचानक थांबणे या दोन वेगळ्या घटना आहेत. हार्ट अटॅक म्हणजे हृदयाच्या रक्तवाहिनीत अडथळा. तो माणूस बहुधा शुद्धीवर असतो, छातीत दुखते, घाम येतो. त्याला तातडीने रुग्णालयात न्यायचे, पण धक्का द्यायचा नाही. हृदय अचानक थांबले, म्हणजे कार्डिॲक अरेस्ट झाला, तर माणूस कोसळतो, हाक दिली तरी ओ देत नाही, नीट श्वास घेत नाही. हार्ट अटॅकमधून कार्डिॲक अरेस्ट होऊ शकतो. विजेच्या धक्क्यानेही होतो.

दुसरी गोष्ट, डिफिब्रिलेटर प्रत्येक थांबलेल्या हृदयावर चालत नाही. हृदय थरथरत असेल, किंवा नाडी न लागण्याइतके बेभान वेगाने धावत असेल, तरच धक्क्याचा उपयोग. पडद्यावरची रेघ पूर्ण सपाट असेल तर धक्का देऊन काही होत नाही. सिनेमात सपाट रेघेला धक्का देऊन नायक उठून बसतो, ते चुकीचे आहे. तिथे छाती दाबणे आणि औषधे हाच मार्ग. नाडी असूनही ठोके बिघडलेल्या काही रुग्णांना डॉक्टर गुंगी देऊन, ठोक्याशी वेळ जुळवून सौम्य धक्का देतात. उघड्या हृदयाच्या शस्त्रक्रियेत थेट हृदयावर ठेवायच्या लहान पट्ट्या असतात आणि तिथे फार थोडी ऊर्जा पुरते.

तिसरी गोष्ट, आता मोठ्या विमानतळांवर आणि काही सार्वजनिक जागी भिंतीवर एईडी नावाचे स्वयंचलित यंत्र दिसते. ते सामान्य माणसासाठीच आहे. सुरू केले की ते बोलून सूचना देते. छाती उघडी आणि कोरडी करायची, एक चिकटपट्टी उजव्या खांद्याच्या हाडाखाली आणि दुसरी डाव्या काखेखाली लावायची. हृदयाची लय यंत्र स्वतः तपासते आणि गरज असेल तरच धक्का देते. त्या क्षणी रुग्णाला कोणी हात लावायचा नाही, एवढे पाळायचे.

चौथी गोष्ट सर्वांत महत्त्वाची. हृदय थरथरत असताना काहीच केले नाही, तर दर मिनिटाला वाचण्याची शक्यता सात ते दहा टक्क्यांनी घटते. १०८ ची रुग्णवाहिका कितीही तत्परतेने निघाली, तरी पावसाळ्यातल्या रस्त्याने वाट काढत येईतो मिनिटे जातात. खानवेल, दुधनीकडच्या गावांत तर अधिकच. ती मिनिटे घरच्यांच्या हातात असतात. रुग्णाला कडक जमिनीवर उताणे झोपवा, कोणाला तरी १०८ ला फोन करायला सांगा, छातीच्या मध्यभागी तळहाताची टाच ठेवा, त्यावर दुसरा हात ठेवा, कोपर ताठ ठेवून पाच ते सहा सेंटिमीटर खोल दाबा. मिनिटाला १०० ते १२० वेळा, आणि प्रत्येक वेळी छाती पूर्ण वर येऊ द्या. तोंडाने श्वास देता येत नसेल किंवा द्यावासा वाटत नसेल तरी चालेल, मोठ्या माणसाला नुसते दाबणेही उपयोगी पडते. दमलात तर दुसऱ्याने हात बदलावा, पण थांबू नये. विजेचा धक्का लागलेला माणूस असेल, तर आधी मेन स्विच बंद. तो बंद केल्याशिवाय त्याला हात लावायचा नाही, नाहीतर एकाचे दोन होतात.

हे सगळे गणेशोत्सवाच्या स्मरणिकेत कशाला, असे कोणाला वाटेल. भाद्रपदाचे दिवस, अधूनमधून कोसळणारा पाऊस, मंडपाचे ओले लोखंडी खांब आणि त्यांवरून फिरवलेली रोषणाईची वायर. कौवेनहोव्हन यांनी १९२८ साली ज्या धोक्यावर काम सुरू केले, तो आपण दरवर्षी दहा दिवस दारात उभा करतो. मंडपाच्या बोर्डावर ३० मिलिअँपिअरचा आरसीसीबी बसवला आणि अर्थिंग नीट केले, तर फार मोठा धोका टळतो. हृदय थरथरायला लागण्याआधीच तो पुरवठा तोडतो. जोड उघडे ठेवू नयेत, आणि विसर्जनाच्या मिरवणुकीत उंच मूर्ती वरच्या तारांपासून लांब राहील असा रस्ता आधी पाहून ठेवावा.

यंदा आरतीनंतरची एखादी संध्याकाळ यासाठी राखून ठेवता येईल. आपल्या समाजात परिचारिका आहेत, डॉक्टर आहेत, कारखान्यांत प्रथमोपचाराचे प्रशिक्षण घेतलेले सेफ्टी विभागातले लोक आहेत. त्यांच्याकडून घरटी एकाने, आजोबांपासून नातीपर्यंत कोणीही, छाती दाबायला शिकून घ्यावे. तासाभराचे काम आहे. निवृत्त झालेल्यांनी तर आधी पुढे यावे, कारण कौवेनहोव्हन यांचे सर्वांत मोठे काम निवृत्तीनंतरच झाले.

यंत्र हलके करायला निघालेल्या त्या अभियंत्याला शेवटी कळले, की मदतीला सर्वांत आधी पोहोचतात ती शेजारच्या माणसाची दोन रिकामी पण शिकलेली हाताची ओंजळ. ती आपल्या प्रत्येक घरात तयार असावी, एवढीच बाप्पाच्या चरणी प्रार्थना.

गणपती बाप्पा मोरया!